चहाच्या सणाचे केशरी बन

सोमवार, १७ मे १९५४

टॅम्सिन, पोरी, माफ कर. ही वही तू नाताळात दिलीस आणि मी ती आज मे महिन्यात उघडतोय. "बाबा, रोज चार ओळी लिहीत जा, काळजी कागदावर उतरली की डोकं हलकं होतं," असं तू म्हणाली होतीस. पण अकराव्या वर्षी शाळा सोडून खाणीवर गेलेला माणूस मी. पेन्सिल हातात धरली की फावडं उलटं धरल्यासारखं वाटतं. शिवाय इतक्या काळज्या होत्या की लिहायला फुरसत मिळाली नाही. ही वही कुणी वाचणार नाही, तूसुद्धा नाही, असंही तू म्हणाली होतीस. मग मी माफी कुणाची मागतोय? वहीचीच, असं समजू.

आज लिहायला बसलो कारण तुझ्या आईनं आज भलतंच काढलंय.

जुलैच्या दुसऱ्या शनिवारी आपल्या चॅपलच्या रविवारच्या शाळेतल्या पोरांचा चहाचा सण. पोरं बँडमागून गावभर फिरणार, मग कुरणावर बसून प्रत्येकाला ताटलीएवढा केशरी बन. गेली एकतीस वर्षं ते बन तुझ्या आईनं, थर्झानं, आमच्या घरात केले. लढाईत केशर नव्हतं तेव्हाही काहीतरी केलं, पण केले तिनंच. यंदा लोण्याचं रेशन उठलं, म्हणजे चौदा वर्षांनी पहिल्यांदा पुरतं लोणी घालून करायचे. मला वाटलं होतं ती खुशीत असेल.

जेवताना म्हणाली, "माझं मनगट दुखावलंय. यंदा बन तू करायचेस."

"मी?"

"नाही, मांजर करेल. तू नुसतं तिच्याजवळ उभा राहा."

मी म्हटलं, चॅपलच्या कारभाऱ्याला, क्लेमोला सांगू, तो बघेल काय ते. तर चमचा ताटलीवर आपटून म्हणाली, "क्लेमोला कळलं की त्याच्या बायकोला, ऑलिव्हला कळलं. आणि ऑलिव्हला कळलं की ती त्याच दिवशी पेन्झन्स शहरातल्या बेकरीला चिठ्ठी धाडणार. त्यांच्या बनात केशर नसतं, नुसता पिवळा रंग. मी खुर्चीत बसून सांगेन, तू करशील. आणि बाहेर एक अक्षर बोललास तर बघ."

मनगटाला सूज दिसत नाही. कोळशाची बादली ती त्याच हातानं उचलते. पण विचारायची सोय नाही.

गुरुवार, २० मे

पहिला प्रयत्न. लिहायला लाज वाटते.

केशर रात्रभर कपात भिजत घालायचं, वर बशी झाकायची. तेवढं मी केलं. सकाळी थर्झा म्हणाली, पाणी कोमट करून पिठात घाल. मला वाटलं, जास्त गरम तितका रंग जास्त सुटेल. किटलीतलं उकळतं पाणी कपात ओतलं आणि तसंच यीस्टवर. पीठ दुपारी चारपर्यंत जसंच्या तसं. मेलेल्या मेंढीसारखं भांड्यात पडून राहिलं.

थर्झा खुर्चीतून म्हणाली, "उकळतं ओतलंस ना?"

"तुला कसं कळलं?"

"आंबूस वास यायला हवा होता, आला नाही. यीस्ट जिवंत असतं, हेडली. तुझ्या अंगावर कुणी किटली ओतली तर तू फुगशील का?"

केशराची आख्खी पुडी वाया गेली. ते पीठ मी बागेत पुरलं, न जाणो क्लेमोच्या कोंबड्यांनी खाऊन गावभर बोभाटा केला तर.

रविवार, ३० मे

आज लिहितोय ते बनांबद्दल नाही. मनाला एक लागून राहिलंय.

चॅपलमध्ये थर्झानं भजनाचं पुस्तक उघडलंच नाही. मांडीवर बंद ठेवून सगळी कडवी म्हटली. गेल्या रविवारीही असंच. घरी बायबल वाचायचं तर म्हणते, तू वाच. मी एका ओळीला चार ठेचा खातो, एरवी तिला ते सहन व्हायचं नाही, पुस्तक ओढून घ्यायची. आता डोळे मिटून ऐकत बसते. बाहेर पडताना ऑलिव्ह क्लेमोनं मान हलवून नमस्कार केला, थर्झा तिच्या अंगावरून सरळ निघून गेली. ऑलिव्हचं तोंड पडलं. "ट्रेनीरबाईंचा पारा चढलाय," असं मागे कुणीतरी थर्झाबद्दल म्हणालं ते मी ऐकलं.

थर्झाचा देवावरचा विश्वास तर उडाला नसेल? चौऱ्याहत्तर वर्षांच्या वयात? कुणाला विचारू? पाद्रीबुवांना विचारलं तर ते घरी येतील, आणि मग ती मला सोडणार नाही.

शनिवार, ५ जून

तिसरा प्रयत्न. (दुसऱ्याबद्दल लिहीत नाही. मीठ दोनदा पडलं.)

आज पीठ फुगलं. पण मी मधेमधे फडकं उचलून बघत होतो. थर्झाला फडक्याचासुद्धा आवाज येतो.

"पुन्हा उचललंस."

"फुगतंय की नाही बघायला नको?"

"तू बघितलंस म्हणून ते लवकर फुगणार आहे का? दर वेळी गार हवा आत जाते. बाळाचं पांघरूण असं काढत होतास का रे तू?"

काढत होतो, हे तिलाही माहीत आहे. टॅम्सिन, तू पाळण्यात होतीस तेव्हा तुझा श्वास चालू आहे का बघायला मी तासाला सहा वेळा उठायचो.

बाई हल्ली फार प्रश्न विचारते. केशराचं पाणी कसं झालं? मी म्हटलं पिवळं. "कसलं पिवळं? लोण्यासारखं, की फुलासारखं, की जुन्या पितळेसारखं?" मला नीट बघावं लागलं. तांबूस होतं, कपाच्या कडेला फिकट आणि तळाशी विटेसारखं. तसं सांगितलं. "आता जमलं," म्हणाली. मला बघायचीही शिकवणी आहे ही. खिडकीतून कोण गेलं, बंदरात किती बोटी आल्यात, ढग कुठून येतायत, सगळं विचारते. आधी कटकट वाटायची. आता मी आपण होऊन बघून ठेवतो, तिनं विचारलं की उत्तर तयार.

संध्याकाळी बन काढले. चव बरी होती, पण वर दूध-साखरेचा हात फिरवायचा राहिला. पांढरेफटक दिसत होते, आजाऱ्याच्या गालासारखे. आता चांगली झाडणार म्हणून मी तयारीत राहिलो. बन तिच्यासमोर ठेवला. तिनं थोडा वेळ त्याच्याकडे तोंड केलं आणि म्हणाली, "वरचा रंग छान आलाय, हेडली."

सेहेचाळीस वर्षांच्या संसारात तिनं माझं काही चुकलेलं असताना कौतुक केलं नव्हतं.

सोमवार, ७ जून

त्या कौतुकाची मला धास्ती बसलीय. माणसं शेवटी शेवटी अशी मऊ होतात, ते मी पाहिलंय.

शनिवार, १९ जून

आज जमलं!

भट्टीबद्दल मला कुणी शिकवायची गरज नाही. खाणीच्या इंजिनघरात बॉयलरला कोळसा घालण्यात चव्वेचाळीस वर्षं गेली. थर्झा घड्याळ लावून चूल तापवायची, मी हात आत घालून आकडे मोजतो. बारा म्हणेपर्यंत हात टिकला तर बरोबर. कोळसा मधे न टाकता मागे सारायचा, मग आच दोन्ही बाजूंनी सारखी लागते. हे तिला माहीत नव्हतं. म्हणाली, "एकतीस वर्षं माझे डावीकडचे बन जास्त भाजायचे. मेल्या, तेव्हा का नाही सांगितलंस?"

"तू मला स्वयंपाकघरात येऊ देत होतीस का?"

हसली. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली.

बन ताटलीएवढे झाले, वरून चकचकीत, फोडले की आत पिवळेधमक. काळ्या मनुकांतल्या काड्या-खडे थर्झानं वेचले, एकेक मनुका बोटांत फिरवून. पूर्वी पांढऱ्या फडक्यावर पसरून भराभर वेचायची. आता फार वेळ लावते. म्हटलं, मनगट.

कप्तान जॅका कुंपणापाशी आले होते. खाणीवर ते माझे वरिष्ठ, आता ऐंशीचे झालेत. थर्झानं केलेत असं सांगून मी त्यांना एक बन दिला. तिथंच उभ्यानं खाल्ला. "थर्झाचा हात दिवसेंदिवस सुधारतोय," म्हणाले. मी आत येऊन दार लावलं आणि भिंतीला टेकून उभा राहिलो. छातीत असं काही भरून आलं होतं की वाटलं डॉक्टरला बोलवावं.

बुधवार, ३० जून

टॅम्सिन, तू आज रजेवर आलीस आणि आज सूर्यग्रहण होतं. सगळं गाव काजळी धरलेल्या काचा घेऊन चॅपलसमोर जमलं. क्लेमोनं काचा वाटल्या, जणू सूर्य त्याच्या मालकीचा. थर्झालाही एक दिली. अर्धा सूर्य गेला, मग ढग आला आणि सगळंच झाकलं गेलं. लोकांनी काचा खाली घेतल्या. कप्तान जॅका तेवढे ढगाला शिव्या देत होते, त्याही पुटपुटत.

थर्झा काच डोळ्याला लावून तशीच उभी. म्हणाली, "अगंबाई, आता नुसती कोर राहिली. काय सुरेख!"

मला वाटलं थट्टा करतेय. ऑलिव्ह हसली. तू मात्र हसली नाहीस. आईच्या हातातून काच काढून घेतलीस आणि तिचा दंड धरून घरी आणलंस.

मग मला मागच्या अंगणात ओढून नेलंस. "बाबा, आईला दिसत नाही हे किती दिवस चाललंय?"

मी म्हटलं, "काहीतरीच काय. तिचं मनगट दुखावलंय."

गुरुवार, १ जुलै

ही वही आज मी पहिल्या पानापासून वाचली. बोट ठेवून, सावकाश.

सगळं लिहिलेलं आहे. भजनाचं पुस्तक. ऑलिव्हचा नमस्कार. पाण्याचा रंग. पांढरे बन. मनुका. सगळं माझ्याच हातानं लिहिलंय आणि मला कळलं नाही. चव्वेचाळीस वर्षं मी वाफेच्या काट्यावर नजर ठेवून बसलो. काटा केसभर सरकला तर झोपेतून जागा व्हायचो. आणि घरात समोरच्या खुर्चीत माणूस आंधळं होत गेलं, मी तिचा विश्वास मोजत बसलो.

सकाळी तिच्यासमोर जाऊन बसलो. म्हटलं, "माझ्या हातात किती बोटं आहेत?"

"पाच. मोजता येत नाहीत का तुला?"

"थर्झा."

तिनं हात पुढे करून माझी बाही चाचपली. मग म्हणाली, "तू खिडकीपुढे बसलास की काळं काहीतरी दिसतं. त्यावरून ओळखते. नाहीतर खोकल्यावरून."

"मला का नाही सांगितलंस?"

"तुला? तुला नखुरडं झालं तरी मृत्युपत्र काढतोस." मग आवाज उतरला. "माझ्या आईचे डोळे गेले तेव्हा तिला चुलीशेजारच्या कोपऱ्यात बसवलं, आठवतं? सगळे चांगले वागायचे. जेवण हातात द्यायचे. पण तिला कुणी काही विचारायचं नाही. बन किती करायचे, पीठ कुठलं आणायचं, काही नाही. माझ्या आधी गावात बन तीच करायची. मी कोपऱ्यात बसणार नाही, हेडली."

मी तिचा चहा केला. साखर टाकायला विसरलो, तिनं तसाच प्यायला.

शुक्रवार, २ जुलै

डॉक्टर येऊन गेले. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. मी विचारलं, मरेल का? ते म्हणाले, मोतीबिंदूनं कुणी मरत नाही. मग विचारलं, दिसेल का? ते म्हणाले, बहुधा. हे 'बहुधा' मला आवडलं नाही.

टॅम्सिन ट्रूरोच्या इस्पितळात डोळ्यांच्याच वॉर्डात नर्स, हे आमचं नशीब. तिनं पोस्टातून फोन लावला. कुणीतरी शस्त्रक्रिया रद्द केलीय, सोमवारी खाट रिकामी आहे. त्यानंतरची नोव्हेंबरात. मोठ्या डॉक्टरांचं म्हणणं, तोवर थांबणं बरं नाही, उजवा डोळा हाताबाहेर जाईल.

थर्झा म्हणाली, "सोमवारी नाही. शनिवारी सण आहे."

टॅम्सिन म्हणाली, "आई, बनांसाठी डोळा घालवणार आहेस?"

"बनांसाठी नाही. एकदा बेकरीची गाडी गावात आली की पुढच्या वर्षीही तीच येणार. मग परत येऊन मी काय करू? जाड चष्मा लावून कोपऱ्यात बसू?"

"बाबा करतील की!"

"बाबा करतात, मी खुर्चीत असते म्हणून. मी नसले की ते फडकं उचलतील."

माझ्या तोंडून निघून गेलं, "नाही उचलणार."

दोघींनी तोंडं माझ्याकडे फिरवली. थर्झा म्हणाली, "बरं. उद्या एकट्यानं कर. मी मागच्या अंगणात पाठ करून बसते. शब्द काढणार नाही. जमलं तर सोमवारी जाईन. नाही जमलं तर नोव्हेंबर, आणि मग टॅम्सिन, तू मला काही बोलायचं नाहीस."

तिचा एक डोळा माझ्या पिठावर पणाला लावलाय तिनं. आत्ता केशर भिजत घातलं. बशी झाकली. तीनदा उघडून बघितली. बशी म्हणजे फडकं नव्हे.

शनिवार, ३ जुलै

सकाळी समुद्रावरून धुकं आलं, हाताला ओलं लागावं असं. जुलै आणि स्वयंपाकघरात गारठा. अशा हवेत पीठ फुगत नाही.

पीठ, लोणी आणि डुकराची चरबी बोटांनी चोळून, साखर, मनुका, पाकातली लिंबाची साल. केशराचं पाणी हाताच्या मागच्या बाजूवर टाकून पाहिलं, कोमट. यीस्ट फेसाळलं. इथवर ठीक. मळलं. मातीच्या मोठ्या भांड्यात ठेवून वर फडकं.

दोन तासांत फुगायला हवं. दीड तास झाला तेव्हा मी खिशातून हात काढून फडक्यापर्यंत नेला होता. खिडकीतून थर्झाची पाठ दिसत होती, शाल गुंडाळून, धुक्यात. तिला हूं की चूं करायची बंदी. टॅम्सिन शेजारी. तेव्हा मला इंजिनघर आठवलं. कडाक्याच्या थंडीत पंपाची नळी गोठू नये म्हणून आम्ही आमचे कोट तिच्यावर टाकायचो, आणि कोट टाकला की पुन्हा काढायचा नाही, असा नियम. मी माझा हिवाळी कोट आणला. भांड्याभोवती गुंडाळला, बटणं लावली, चुलीशेजारच्या फळीवर ठेवलं. आणि घराबाहेर पडलो.

पुढच्या कुंपणाशी उभा राहिलो. रस्त्यावरून क्लेमो गेला. "हेडली काका, धुक्यात काय बघताय?" म्हटलं, "काही बघायचं नाही म्हणूनच उभा आहे." तो डोकं हलवत गेला. दोन तास, मग तीन. पाय दुखायला लागले. मनात येत होतं, आत मेलंय ते. आत जाऊन बघ. एकदाच. मी कुंपणाचा दगड धरून ठेवला. खरंच धरून ठेवला, हाताला ओरखडे आहेत.

चार तासांनी आत गेलो. कोटाची बटणं ताणली होती. वरचं एक तुटून चुलीखाली गेलं होतं.

बन भाजले. वास बाहेर गेला असणार, कारण थर्झानं मान थोडी फिरवली आणि पुन्हा सरळ केली. मी बन फडक्यात घेऊन अंगणात गेलो आणि तिच्या हातात दिला. गरम होता. तिनं अंगठ्यानं वर दाबून पाहिलं, पृष्ठभाग परत वर आला. उलटा करून बोटानं ठोकला, कानाशी नेऊन ऐकला. फोडून नाकाशी धरला. मग खाल्ला. अर्धा. सावकाश. टॅम्सिन माझा हात धरून उभी होती, की मी तिचा, सांगता येत नाही.

थर्झा म्हणाली, "लिंबाची साल जास्त झालीय."

मी रिकामं फडकं घडी करत उभा राहिलो.

मग तिनं मांडीवरचा चुरा झटकला. "टॅम्सिन, वरच्या फडताळात माझी पिशवी आहे. रात्रीचे दोन झगे घाल त्यात. निळा नको, त्याची बाही फाटलीय."

सोमवार, ५ जुलै

नऊच्या बसनं गेली. टॅम्सिन बरोबर. बसच्या पायरीवर थांबून म्हणाली, "साल कमी." मी म्हटलं, "कमी." बस वळणावर गेली तरी मी हात हलवत होतो. तिला दिसणार नव्हतं, पण ड्रायव्हर सांगेल.

बुधवार, ७ जुलै

काल शस्त्रक्रिया झाली. टॅम्सिनचा पोस्टात फोन. दोन्ही डोळ्यांवर पट्टी, डोकं हलू नये म्हणून दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या. खोकायचं नाही, हसायचं नाही. झालं ते बरं की वाईट, पट्टी निघेपर्यंत कुणी सांगत नाही.

क्लेमोला आता सांगावं लागलं. तो म्हणाला, "मग बन?"

"मी करणार."

"तुम्ही?" तो हसला. वाईट माणूस नाही, पण हसला. "काका, बेचाळीस पोरं आणि बँडचे नऊ. ऐन वेळी फजिती नको. मी आपले पेन्झन्सहून दोन खोके मागवून ठेवतो."

"ठेव," म्हटलं. "पण उघडायचे नाहीत, माझे संपल्याशिवाय."

असं उर्मटपणे मी आयुष्यात कुणाशी बोललो नव्हतो.

रविवार, ११ जुलै

थर्झा, हे पान तुझ्यासाठी. सगळी वहीच उद्याच्या बसनं धाडतोय, टॅम्सिन वाचून दाखवेल. यात तुझ्याबद्दल वेडंवाकडं लिहिलंय. वाचू दे तिला, पण हसवू नको म्हणावं, पिशव्या हलतील.

तर ऐक. शुक्रवारी दुपारपासून अंधार पडेपर्यंत आणि शनिवारी उजाडल्यापासून, एका वेळी चार. एकूण छप्पन्न बन. साल कमी. तिसऱ्या घाण्याचे चार खालून करपले. वारा फिरला आणि चुलीनं एकदम ओढ घेतली, आच भडकली, मी उशिरा ओळखलं. ते चार मी बाजूला काढले, एक खाल्ला, तीन कप्तान जॅकांकडे पाठवले. त्यांना दात नाहीत, चहात बुडवून ते काहीही खातात.

दोन वाजता बँड आला. पोरं पांढऱ्या कपड्यांत, गळ्यात फितीनं बांधलेले चहाचे मग. ट्रॉम्बोनवाला दरवर्षीसारखा चढावर मागे पडला. वारा नव्हता, झेंडा न डगमगता सरळ आला, हे तू विचारलंच असतंस. कुरणावर चादरी अंथरल्या. बंदरात सात बोटी. ऑलिव्ह क्लेमोनं निळी टोपी घातली होती, तिच्यावर एक आख्खं पाखरू होतं. तिनं तुझी चौकशी केली, मनापासून. ग्रहणाच्या दिवशी हसले त्याचं वाईट वाटतं म्हणाली. मी तिला सांगितलं, तिचा त्या रविवारचा नमस्कार तुला दिसलाच नव्हता. तिनं डोळे पुसले. पाखरूही हललं.

बन वाटले. पोरांनी दोन हातांनी धरले. थोडा वेळ कुरणावर आवाजच नव्हता. एवढी पोरं आणि आवाज नाही, तुला माहीत आहे याचा अर्थ काय असतो. मग क्लेमो गाडीवर चढला आणि सवयीनं दरवर्षीचंच वाक्य बोलून गेला, "थर्झा ट्रेनीरबाईंनी बत्तिसाव्या वर्षी केलेल्या बनांसाठी तीन वेळा जयजयकार!"

आणि मी उभा राहिलो. चॅपलच्या मंडळींत भजन सोडून मी कधी तोंड उघडलं नाही, तुला माहीत आहे. म्हटलं, "थांबा. यंदाचे बन मी केलेत. तिनं शिकवले, आणि तिनं चाखून पास केलं, म्हणून ती ट्रूरोला गेली. आधी तिचा जयजयकार करा. मग हवं तर माझा."

तुझा जयजयकार इतका मोठा झाला की बंदरातले पक्षी उडाले. मग माझाही झाला. कप्तान जॅका काठी आपटून ओरडले, "चव्वेचाळीस वर्षं बॉयलरपुढे फुकट घालवलीस रे हेडली! आधी सांगितलं असतंस तर तुला स्वयंपाकाला लावला असता!" सगळे हसले, मीही. मला अजिबात लाज वाटली नाही, थर्झा. मी ताठ उभा होतो.

क्लेमोचे खोके पोरांनी संध्याकाळी उघडले. तेही खाल्ले, पोरंच ती. पण नंतर. आणि क्लेमो जाताना म्हणाला, "पुढच्या वर्षी तुम्ही दोघांनी मिळून ठरवा, मी मधे पडत नाही." ही त्याची माफी, असं मी धरलंय.

यासोबत एक बन फडक्यात बांधून दिलाय. नर्सनं तुकडे करून भरवला तर चालेल का, टॅम्सिनला विचार. चावताना डोकं हलतं का?

मंगळवारी पट्टी निघेल म्हणतात. पोस्टातल्या बाईंना मी सांगून ठेवलंय, ट्रूरोहून काहीही आलं तरी लगेच हाक मारायची. मी मंगळवारी सकाळपासून पोस्टाच्या पायरीवर बसणार. दिसलं तर कळव. धुरकट दिसलं तरी कळव. काहीच दिसलं नाही तर तेही कळव, मी पहिल्या बसनं तुला घ्यायला येतो आणि येताना तू विचारशील ते सगळं बघून येतो. फक्त वेळ लावू नकोस. दोन शब्द पुरेत, पण लवकर धाड.